गाश्पार बालिंट की बालिंट गाश्पार

...आणि वर मलाच विचारतात, "पण साहेब, तुम्ही त्यातले नक्की कुठले?" अहो, चौसष्ट वर्षं झाली मला, बुदापेश्तच्या एकाच विद्यापीठात चाळीस वर्षं खडू झिजवले, त्याच खोलीत, त्याच खिडकीपाशी, आणि ती कार्यालयातली बाई माझ्या तोंडाकडे बघून विचारते, कुठले! तुम्हाला सांगतो, राग नाही आला मला. गोंधळलो. कारण क्षणभर मलाही कळेना, मी की तो?

थांबा, तुमचाही घोटाळा होईल, आधी नावाचं सांगतो. आमच्याकडे आडनाव आधी, नाव मागून. मी गाश्पार बालिंट. गाश्पार आडनाव, बालिंट नाव, आई मला बालिंट म्हणते. इथपर्यंत सोपं आहे ना? आता माझ्याच विभागात, माझ्या शेजारच्या खोलीत, माझ्याच विषयाचा एक माणूस बसतो, त्याचं आडनाव बालिंट आणि नाव गाश्पार! बालिंट गाश्पार! म्हणजे मला उलटं केलं की तो, आणि त्याला उलटं केलं की मी. घरच्या घरी ठीक आहे हो, पण बाहेरच्या लोकांत नाव आधी लिहितात, त्यामुळे मी व्हिएन्नाला उतरलो की 'तो' होतो, आणि तो शिकागोला बारा वर्षं होता, ती बारा वर्षं तो 'मी' होता. आम्ही त्याला शिकागोवालाच म्हणतो. काहीतरी म्हणायला नको का?

आणि विषय तरी काय माझा? सूक्ष्म अर्थशास्त्र. माणूस निवड कशी करतो, त्याचा सिद्धांत. मी सुरुवात केली तेव्हा आमच्याकडे निवडायला होतं काय? बाबांनी गाडीसाठी नंबर लावला, सात वर्षांनी गाडी आली, त्यांनी भीतभीत रंगाचं विचारलं, तर तिथला माणूस म्हणाला, रंग दिलेला आहे. बस्स! आणि त्याच घरात, स्वयंपाकघरातल्या टेबलावर, मी गणितानं सिद्ध करतोय की दोन गोष्टींतली कुठली घ्यावी हे ज्याला ठरवताच येत नाही, तो माणूसही शहाणाच असतो... एमेशे, माझी बायको, म्हणायची, सिद्ध कशाला करतोस, लोकांना केकच्या दुकानात बोलाव आणि स्वतःला दाखव. खोटं नाही तिचं. क्रेमेश घ्यावा की दोबोश, यावर मी एकदा वीस मिनिटं उभा होतो, मागच्या बायका मला कोपरानं ढकलून पुढे गेल्या आणि दोन्ही संपवून टाकले.

तर सिद्धांत गाजला. गाजला म्हणजे काय, चांगला गाजला! पण कुणाचा? मी लेख बाहेर पाठवताना आईनं शिकवली तशी सही केली, गाश्पार बालिंट. त्यांना वाटलं, गाश्पार हे नाव. गेला लेख शिकागोवाल्याच्या खात्यात. पुढच्या खेपेला शहाणपणा केला, स्वतःच उलटं करून पाठवलं, तर इथल्या ग्रंथपालानं तो इमानेइतबारे त्याच्याच कप्प्यात लावला. सरळ गेलं तरी तो, उलटं गेलं तरी तो! एकदा बार्सिलोनाहून आमंत्रण आलं, मी गेलो, माझ्या शहाण्या गोंधळलेल्या माणसावर तासभर बोललो, आणि खाली उतरल्यावर एका म्हाताऱ्या प्राध्यापकानं माझे दोन्ही हात धरले, डोळ्यांत पाणी, म्हणाला, तुमच्या लिलावाच्या सिद्धांतानं माझं आयुष्य बदललं. लिलाव त्याचे हो, शिकागोवाल्याचे! मी काय करणार? आभार मानले.

बरं, भांडावं तर माणूस सोन्यासारखा. दर गुरुवारी गरम पाण्याच्या कुंडात आम्ही दोघं गळ्यापर्यंत बुडून बसतो. माझ्या सिद्धांताची तिसरी पायरी अडली होती ना, ती तिथेच सुटली, वाफेनं भरलेल्या काचेवर बोटानं लिहिता लिहिता. पण बोट कुणाचं? मला वाटतं माझं. तोही म्हणाला, तुझंच. पण तो इतक्या पटकन म्हणाला की तेव्हापासून मला शंका येते. काच तर पुसली गेली. मी की तो?

आता मुख्य गोष्ट. आमच्या विभागात प्रोफेसरची, म्हणजे सगळ्यांत वरची, जागा निघाली. एकच, आणि अर्ज आमचे दोघांचे. पासष्टीच्या आत मिळाली तर मिळाली, हा आमच्या विद्यापीठाचा नियम, म्हणजे माझी शेवटची गाडी. तुम्ही म्हणाल, या वयात हौस कशाला? माझी नाही हो, आईची. एक्क्याण्णव वर्षांची आहे, माको गावाला असते, आणि वीस वर्षांपूर्वीच गल्लीभर सांगून बसलीये की माझा बालिंट प्रोफेसर आहे. दर रविवारी फोनवर विचारते, "कागद आला का रे?" आणि मी म्हणतो, येतोय. वीस वर्षं येतोय तो कागद!

परीक्षक बाहेरचे. त्यांनी एकमतानं लिहिलं, बालिंट गाश्पार यांनाच नेमा. डीन केरेकेशबाईंनी डोक्याला हात लावला, हे नाव त्यांच्या रीतीनं की आपल्या? पत्र धाडलं, उत्तर आलं, तेच हो, ते सिद्धांतवाले. घ्या! शेवटी बाईंनी आम्हाला बोलावलं आणि म्हणाल्या, "अहो, एक वस्तू आणि दोन माणसं, तुमचाच विषय ना हा? मग ठरवा की दोघं."

ठरवा! आम्ही कुंडात जाऊन बसलो. मग तो पाण्याकडे बघत म्हणाला, "तू घे. तुझी आई आहे अजून."

तुम्हाला सांगतो, मी डोळे पुसले आणि वाफेवर ढकललं. आणि घरी आलो तो विचार करत, की हा माणूस माझ्या आईसाठी सोडतोय, आणि ती तिसरी पायरी जर त्याची असेल तर? कसल्या तोंडानं घेऊ? बसलो, पत्र लिहिलं, मी अर्ज मागे घेतो, खाली सही, गाश्पार बालिंट. त्याच दिवशी, मला न सांगता, त्यानंही पत्र लिहिलं, मी अर्ज मागे घेतो. आणि सही केली बारा वर्षांच्या शिकागोच्या सवयीनं, नाव आधी. गाश्पार बालिंट!

आलं ध्यानात? कार्यालयात दोन पत्रं, दोन्हीवर गाश्पार बालिंट. त्या बाईनं मला विचारलं ते हेच, तुम्ही त्यातले कुठले, आणि मी गोंधळून म्हणालो, "गाश्पार बालिंट." त्या म्हणाल्या, मग तुम्ही दोनदा माघार घेतलीत, एकदा पुरे होती. आणि नेमणूक झाली. प्रोफेसर बालिंट गाश्पार. तो! चूक कुणाचीच नाही. मी स्वतः तपासून पाहिलं, कुठेही चूक नाही.

आईला सांगायला गेलो पुढच्या रविवारी. एकट्याचा धीर होईना, म्हणून त्यालाही नेला. दार उघडलं तर आत गल्लीतल्या चार बायका, आणि भिंतीवर काचेत, वर्तमानपत्रातलं कात्रण! प्रोफेसर बालिंट गाश्पार. मी म्हटलं, आई, अगं, हे नाव... ती म्हणाली, "उलटं छापलंय, कळतं मला. तुझ्या परदेशातल्या लेखांवर असंच असतं की!" आणि माझं तोंड दोन्ही हातांत धरून रडली हो. एक्क्याण्णव वर्षांची बाई. मी शिकागोवाल्याकडे पाहिलं. तो कोट खुंटीला अडकवत होता, बराच वेळ अडकवत होता.

जेवायला बसलो. कोंबडीचं सूप. आईनं त्याच्याकडे जरा कीव येऊन पाहिलं, पाठीवरून हात फिरवला आणि म्हणाली, "तुमचंही होईल हो. धीर सोडू नका." तो म्हणाला, "होईल, बोरी मावशी. नाव जरा पुढेमागे होतं, इतकंच."

मग आईनं वाढायला घेतलं. तंगडी माझ्या ताटात, प्रोफेसर म्हणून. आणि खऱ्या प्रोफेसरच्या ताटात मान. कोंबडीची. आता मान मिळाला कुणाला, मी की तो, ते मला विचारू नका... मी मुकाट्यानं तंगडी खाल्ली.