आत्याच्या लाइव्हमध्ये हिराबाई

लाइव्हमागची ही गोष्ट बाहेर सांगायची नाही असं आत्याने बजावलंय, तरी सांगते. माझी आत्या बातम्यांच्या चॅनलवर आहे. परदेशात युद्ध चालू आहे तिथून ती बातम्या देते. सुट्टीला ती रोह्याला आमच्याकडे आली, तर चॅनलने घरूनच लाइव्ह बोलायला सांगितलं. तिला परत तिकडे पाठवायचं की दुसऱ्या कोणाला, हे साहेब त्यावरूनच ठरवणार होते. आत्याने गाऊनवरच कोट चढवला आणि मोबाइल धरायला मला उभं केलं.

आमचं दार दिवसभर उघडंच असतं. आत्या सांगत होती, "तिथल्या लोकांना कित्येक दिवस जेवण मिळालेलं नाही." तेवढ्यात मासळीवाल्या हिराबाई टोपली घेऊन सरळ तिच्या मागे येऊन उभ्या राहिल्या.

"उपाशी? अगो, मंग बोलाव ना त्यांना हिकडं! भात हाय ना घरात?"

स्टुडिओतली बाई पुढचा प्रश्नच विसरली. आत्या मागे वळून म्हणाली, "हिराबाई, त्यांना गाव सोडू देत नाहीत."

"कोन सोडू देत नाय?"

मग आत्याने लाइव्हवर हिराबाईंनाच सगळं युद्ध समजावलं.

साहेबांचा फोन आला तेव्हा, आता आपल्याला पाठवणार नाहीत म्हणून आत्याचा चेहरा पडला होता. ते म्हणाले, "आज पहिल्यांदा मला नीट कळलं. तूच जा."

आज ती निघतेय. हिराबाईंनी त्या लोकांसाठी सुकट दिलीय. बॅगेला वास येतो म्हणून आई ती काढायला लागली, तर आत्या म्हणाली, "राहू दे वहिनी. विमानतळावर काढली तर काढली. मी काढली तर हिराबाईंना काय सांगू?"

मला वाटतं, तिथे पोचल्यावर आत्या पहिल्यांदा ती सुकट...

"गो, रिक्षा आली! बॅग धर!"

आले, आजी!