साहेबराव फायनल खरी

...आणि वर म्हणे, दुकान खिशात! अहो, खिशात माणूस रुमाल ठेवतो, तंबाखूची पुडी ठेवतो, दुकान ठेवतो का? पण तुम्हाला सांगतो, हा भारत ठेवायचा. फ्लेक्स, लग्नपत्रिका, पाट्या डिझाइन करणारा पोरगा, आणि स्वतःचा कॉम्प्युटर नाही! डिझाइनचं सॉफ्टवेअर पेनड्राइव्हवर, फायली क्लाउडवर, म्हणजे इंटरनेटवरच्या कपाटात, आणि बसायचं कुठं, तर जो बसू देईल त्याच्याकडं. चित्र नखाएवढं काढा नाहीतर वेशीएवढं ताणा, रेघ फुटत नाही म्हणे. फुटतं ते डोकं!

आता असल्याला पोरगी कोण देणार? शीला राजी होती, पण तिचे वडील साहेबराव, चिकलठाण्याच्या कंपनीत तेहतीस वर्षं काढलेले, त्यांनी सरळ विचारलं, दुकान कुठंय? यानं पेनड्राइव्ह पुढं केला. साहेबरावांनी तो उलटासुलटा करून बघितला आणि म्हणाले, "ह्याला शटर कुठंय?" शेवटी ठरलं काय, तर साहेबराव रिटायर होतायत, गावात सत्कार आहे, त्याचा फ्लेक्स भारतनं करायचा. नीट झाला तर लग्नाचं बोलू, नाहीतर रामराम.

झालं! पठ्ठ्या क्रांती चौकात मित्राच्या ऑफिसात बसला. तासाभरात मित्राचा साहेब आला, हा उठला. एका कॅफेत गेला, तर तिथं फॉन्टच नाही, 'सत्कारमूर्ती'च्या जागी नुसते चौकोन... तेवढ्यात साहेबरावांच्या भावकीचे फोन, अप्पारावांचा फोटो तात्यासाहेबांपेक्षा बारीक का म्हणून! तो मोठा करेपर्यंत कॅफे बंद. आणि म्हणे, दुकान खिशात! शेवटी खुलताबादला एका झेरॉक्सवाल्याकडं फाइल पूर्ण केली, क्लाउडवर टाकली, आणि ते गोल चाक फिरायला लागलं... फिरतंय... फिरतंय... झेरॉक्सवाला म्हणतो, "उठो भाई, लाइन लगी है."

उठला बिचारा. प्रेसवाल्या कडुबाला फोन करून सांगितलं, फोल्डरात साहेबराव फायनल आहे, छाप आणि वेशीत लावून टाक. कडुबानं फोल्डर उघडलं, तर 'साहेबराव फायनल' अजून वाटेतच. तिथं होती 'साहेबराव फायनल खरी'. आता तुम्हीच सांगा, खरी समोर असताना दुसरीची वाट कोण बघतो? छापली, लावली!

आणि ती काय होती, सांगू? भावकीचे फोटो हाती आल्यापासून हा गडी जरा सवड मिळाली की स्वतःच्याच लग्नाचा फ्लेक्स करत बसायचा. लोकांच्या कॉम्प्युटरवर कुणी उघडू नये म्हणून नाव असलं रुक्ष. गुलाबी कमान, मधे भारत आणि शीला, खाली निमंत्रक म्हणून सगळी भावकी, फोटोसकट! कामाची फाइल अडकली, आणि ही मात्र क्लाउडनं इमानेइतबारे पोचवली. आणि म्हणे, दुकान...

सकाळी साहेबराव फेटा बांधून वेशीत आले आणि वर बघतच राहिले. भारतला वाटलं, संपलं, शीला गेली हातची. साहेबराव म्हणाले, उतरवा. पण उतरवू कोण देतंय? अप्पारावांचा फोटो जन्मात पहिल्यांदा तात्यासाहेबांच्या बरोबरीचा आलेला. तात्यासाहेबांचं नाव सगळ्यात वर. जो तो फ्लेक्सखाली उभा राहून फोटो काढतोय, नातलगांना पाठवतोय, आणि साहेबरावांच्या बहिणीनं, साळूबाईनं, तर पार जालन्यापर्यंत आमंत्रणं देऊन टाकलेली.

"राहू द्या की दादा," अप्पाराव म्हणाले, "लई ग्वाड दिसायलंय."

साहेबरावांनी फ्लेक्सवरची लग्नाची तारीख वाचली. मग भारतकडं वळून त्यांनी विचारलं, ही तारीख कुणी काढून दिली?

"कुणी नाय," भारत म्हणाला. "मोकळी ओळ बरी दिसंना, म्हणून टाकली."

साहेबरावांनी फेटा काढला, कपाळ पुसलं, आणि वेशीच्या ओट्यावर बसत म्हणाले, "अठराच दिवस राह्यलेत. कार्यालयाचं काय केलं, जावईबापू?"