तियांना विचारलेला दुसरा प्रश्न

मी, श्रीमती कामपुन तांगवोराकुन, वय ४७ वर्षे, धंदा भाताची पेज विकणे, राहणार नदीकाठची जुनी बाजारगल्ली, नाखोन सावन, मूळ गाव रोई एत जिल्ह्यात, आज पोलीस ठाण्यात बोलावल्यावरून समक्ष हजर राहून सांगते की,

वरील पत्त्यावरच्या दुमजली दुकानघरात मी लग्न झाल्यापासून राहते. खाली माझी चूल आणि पेजेची गाडी, वर राहण्याची खोली. घर माझ्या सासऱ्यांचे. त्यांना घरात आणि गल्लीत सगळे तिया म्हणत. त्यांच्या चिनी बोलीत वडिलांना तसेच म्हणतात. माझे पती सोमनुक हे त्यांचे धाकटे चिरंजीव, ते आधी गेले. तिया मागच्या वर्षी गेले. घर आता थोरले दीर विरोत यांच्या नावावर आहे. त्यांना मी दादा म्हणते. ते बँकॉकला गाड्यांचे सुटे भाग विकतात. नणंद मालिवानताई फित्सानुलोकला शाळेत गणित शिकवतात.

भाषेबद्दल विचारले म्हणून सांगते. मी आईशी लाओ बोलते आणि गिऱ्हाइकांशी थाई. तियांना थाई उत्तम येत असे. बाजारात त्यांनी जन्मभर त्याच भाषेत घासाघीस केली आणि जिंकली. पण डोक्यात रक्ताची गाठ झाली त्यानंतर थाई त्यांना सोडून गेली आणि लहानपणची चिनी तेचिउ बोली तेवढी राहिली. दादांना ती फारशी येत नाही. शाळेत पोरांचे उच्चार हेल काढल्यासारखे होऊ नयेत म्हणून तियांनीच मुलांशी ती बोलणे सोडले होते. सोमनुक दिवसभर नदीतल्या लाँचवर कामाला असत. त्यामुळे तियांचे बोलणे ऐकायला मीच होते. जसजसे लागेल तसतसे शिकत गेले. पेज, पाणी, गरम, गार, पाठ, पाय, गोळी, झोप, एवढे मला येते. गल्लीत मात्र असे झाले की कामपुनला तेचिउ येते. मी ते कधी खोडून काढले नाही.

घटना पितरांच्या महिन्यातल्या पूजेच्या दिवशीची आहे. दादा आणि ताई आदल्या दिवशीच आले होते. मी कोंबडी आणि बदक उकडले, डुकराचे मांस आणि मासा ठेवला, आणि तियांना आवडे म्हणून खारवलेल्या मुळ्याचे आमलेट केले. दादांनी उदबत्त्या लावून तियांना जेवायला बोलावले. मग थोडा वेळ थांबून, नेहमीप्रमाणे, तियांचे जेवण झाले का ते विचारायचे होते. जेवण झाल्याशिवाय कागदी नोटा जाळता येत नाहीत, आणि त्या जाळल्याशिवाय आम्हाला जेवता येत नाही.

विचारायची रीत अशी की लाकडाच्या दोन चंद्रकोरी एकदम जमिनीवर टाकायच्या. त्यांची एक बाजू सपाट असते, एक फुगीर. एक सपाट आणि एक फुगीर पडली तर होय. दोन्ही फुगीर पडल्या तर नाही. दोन्ही सपाट पडल्या तर पितर हसताहेत.

दादांनी थाईत विचारले. नाही आले. पुन्हा विचारले, पुन्हा नाही. मग तिया हसले. मग परत नाही. उदबत्त्या संपल्या, नव्या लावल्या. बदकाची कातडी वाळायला लागली. ताई म्हणाल्या, तियांना कधी घाईने जेवायची सवयच नव्हती. तिया पुन्हा हसले. शेजारच्या आसिम, म्हणजे गल्लीच्या काकू, वय ऐंशीच्या पुढे, दारातून हे सगळे पाहत होत्या. त्या दादांना म्हणाल्या, "अरे, बाप शेवटी थाई विसरला होता ना? मग आता काय वर जाऊन शिकवणी लावली असेल? त्याच्या भाषेत विचार."

दादांनी प्रयत्न केला. पण त्यांना तेचिउमध्ये फक्त भाव आणि शिव्या येतात, तियांच्या दुकानात बसून तेवढेच कानावर पडले होते. त्यांनी काय विचारले ते मी लिहून देत नाही. तिया हसले. आसिमनी स्वतः विचारायला हरकत नव्हती, पण विचारणारा त्याच आडनावाचा लागतो. त्यांच्याकडेही ताट मांडलेले होते, म्हणून त्या घरी गेल्या. तेव्हा दादा म्हणाले, कामपुन विचारेल, ती घरचीच आहे. ताई म्हणाल्या, "आज झाली का घरची?" दादांनी ऐकले नाही असे दाखवले.

मी चंद्रकोरी हातात घेतल्या आणि तियांना रोज विचारत असे तसे विचारले, की पोट भरले का. पहिल्याच फेकीला होय आले. नोटा जाळल्या. मी ताटे घ्यायला उठले, तर दादा म्हणाले, थांब, एक राहिले आहे.

घराला गिऱ्हाईक आले होते. ते मला माहीत होते. मधला माणूस दोनदा मोजमाप घेऊन गेला होता आणि माझ्याकडची पेज खाऊन गेला होता. कागदोपत्री दादांना कोणाला विचारायची गरज नाही. पण तियांना विचारल्याशिवाय त्यांच्या हातून सही होत नव्हती. ते मला म्हणाले, "तियांना विचार, हे घर विकतोय, चालेल का. ते जे म्हणतील ते मी ऐकेन. नको म्हणाले तर विषय संपला." असे म्हणून त्यांनी हात जोडले. तियांच्या तसबिरीला जोडले असतील, पण मी मध्ये उभी होते.

विकणे याला तेचिउमध्ये काय म्हणतात ते मला येत नाही. घर या शब्दाचीही मला खात्री नव्हती, आजारानंतर तिया घराबाहेर जातच नव्हते, म्हणून तो कधी लागला नाही. हे मी तेव्हाच सांगायला पाहिजे होते. सगळे उपाशी होते. गाडी कुठे लावायची आणि मी कुठे जायचे, हा विचार माझ्या मनात आला नाही असेही मी म्हणत नाही. मला जी वाक्ये येतात त्यांतले एक मी तियांना हलक्या आवाजात विचारले आणि चंद्रकोरी टाकल्या. होय आले.

दादा बराच वेळ तसबिरीसमोर बसून राहिले. मग त्यांनी मधल्या माणसाला फोन केला. ताई माझ्या शेजारी बसून पपनस सोलत होत्या. त्या काही बोलल्या नाहीत. मग आम्ही जेवलो. बदक चांगले झाले होते.

चार दिवसांनी मधला माणूस विसाराचा कागद घेऊन आला. दादाही आले होते. मृताची संमती असलेले घर म्हणजे अगदी निर्वेध, असे तो माणूस हसत म्हणाला. तेव्हा मी दादांना सांगितले की दुसरा प्रश्न मी वेगळाच विचारला होता. ते थेट ठाण्यात आले आणि माझ्याविरुद्ध अर्ज दिला की मी वडिलांची फसवणूक केली.

आज ठाण्यात सार्जंट थोंगदी यांनी अर्ज दोनदा वाचला. त्यांनी दादांना विचारले, फसवले कोणाला, तुम्हाला की वडिलांना. दादा म्हणाले, दोघांना. सार्जंट म्हणाले, तुमच्या वडिलांना समन्स काढायला माझ्याकडे कागद नाही. दादा म्हणाले, ही चेष्टेची गोष्ट नाही. सार्जंट म्हणाले, म्हणून तर लिहून घेतोय. सार्जंट माझ्याच भागातले आहेत. मग ते माझ्याशी लाओमध्ये बोलले की ताई, घाबरू नका, फक्त सरळ सांगा. दादांनी आक्षेप घेतला की आपल्याला कळेल अशा भाषेत बोलावे. त्यापुढचे सगळे थाईत झाले.

मालिवानताईंनाही बोलावले होते. मी काय विचारले ते त्यांना त्याच दिवशी कळले होते का, असे सार्जंटनी विचारले. त्या हो म्हणाल्या. मग गप्प का राहिलात, असे विचारल्यावर त्या म्हणाल्या, "आई निजवताना म्हणायची, ती गेल्यापासून ते वाक्य मी ऐकलं नव्हतं. मध्येच बोलले असते तर लगेच संपलं असतं." सासूबाई मी पाहिलेल्या नाहीत. दादा-ताई प्राथमिक शाळेत असतानाच त्या गेल्या.

यावर दादा म्हणाले, कोणते वाक्य, मला ऐकू दे. सार्जंट म्हणाले, नोंदीसाठीही लागेल. जसे विचारले होते तसेच म्हणा.

मी म्हटले. त्याचा अर्थ, दिवा मालवू का? तियांना रात्री पांघरूण घातल्यावर मी हेच विचारत असे. त्यांनीच मला ते शिकवले होते.

त्यावर दादांनी उत्तर दिले. तेचिउमध्ये दिले, आणि तोंडातून शब्द गेल्यावर ते स्वतःच बाकावरून अर्धवट उठले. ताईंनी पर्समध्ये तोंड घालून रुमाल शोधला. सार्जंटनी विचारले, हे काय म्हणाले? मी म्हटले, नको म्हणाले.

दादा पाणी प्यायले. पंख्याखाली जाऊन उभे राहिले. नंतर त्यांनी सार्जंटना सांगितले की अर्ज मागे घेतो, मधल्या माणसालाही कळवतो, या वर्षी घर विकायचे नाही. पुढच्या वर्षी पितरांच्या महिन्यात पुन्हा विचारू, तोवर ताई आसिमकडून विकणे हा शब्द शिकून घेतील. तो मीही शिकून घेईन असे मी सांगितले, आणि तेव्हा तिया होय म्हणाले तर मी गाडी हलवीन. दादा म्हणाले, "आधी मला ते मुळ्याचं आमलेट करून घाल. त्या दिवशी सगळं तियांनीच संपवलं."

अर्ज मागे घेतला तरी अर्धा लिहून झालेला जबाब फाडता येत नाही असे सार्जंट म्हणाले, म्हणून तो इथपर्यंत पुरा केला आहे. तो मला थाईत मोठ्याने वाचून दाखवला. दादा आणि ताईंनीही ऐकला. दादांनी एकच दुरुस्ती सांगितली: आपण नको म्हणालो नव्हतो, अजून नको म्हणालो होतो. ती मला मान्य आहे. बाकी मजकूर मी सांगितल्याप्रमाणे खरा आहे.