कुलूपवालीला कळवलं का?

मुलगी : आई, तुझ्या बाया टेबलावरून उठतील का? ताट ठेवायला जागा नाही.

आई : जरा सरकव. पण वरच्या पत्राला खरकटा हात लावू नकोस. एकशे तीस वर्षं टिकलंय, तुझ्या एका जेवणाने जायचं.

मुलगी : लोकांच्या आया शेजारणींच्या चौकशा करतात. तू मेलेल्या सासवांच्या.

आई : त्याला इतिहास म्हणतात. ऐक ना, कुलूपवालीची सासू—

मुलगी : ही कोण आता?

आई : अगं, लिहायला शिकली म्हणून जिच्या सासूने शाईची दौत कपाटात कुलूप लावून कोंडलीय ना, ती सून! आज तिचं शेवटचं पत्र वाचून झालं. तिने काय केलं माहितेय?

मुलगी : उद्या सांग.

आई : पाच मिनिटं गं.

मुलगी : तुझी पाच मिनिटं म्हणजे अख्खं एकोणिसावं शतक. उद्या.

(दहा दिवसांनी. तेच टेबल. त्या जेवणाच्याच रात्री झोपेत आई गेली. शेजारच्या काकू भेटायला आल्या आहेत.)

काकू : सगळ्यांना कळवलंस ना? कुलूपवालीला?

मुलगी : कोणाला?

काकू : अगं, आईची ती मैत्रीण, सासू छळते ती! माझा भाचा वकील आहे, फुकट केस लढतो म्हणाला. मी तर हिरव्या शाईची चार पेनंही दिली होती तिच्यासाठी.

मुलगी : काकू, ती वारली.

काकू : अगं बाई! सासूनेच काही...?

मुलगी : नाही हो. म्हातारी होऊन. आई लिहीत होती त्या पुस्तकातली ती, एकोणिसाव्या शतकातली.

काकू : तरीच! नंबर मागितला की तुझी आई म्हणायची, तिच्याकडे फोन नाही.

मुलगी : आणि तरीच आई महिनाभर हिरव्या शाईने लिहीत होती.

काकू : आणि मी वेडी त्या दिवशी जिन्यात तिच्यासाठी टाळ्या वाजवल्या!

मुलगी : कुठल्या दिवशी?

काकू : ती गेली त्याच्या आदल्याच संध्याकाळी. कचरा टाकायला निघालेली तुझी आई, पिशवी हातातच, अर्धा तास सांगत होती. हसून हसून मी पायरीवर बसले. तुला सांगितलंच असेल.

मुलगी : नाही. मी उद्या म्हटलं होतं.

काकू : अगं...

मुलगी : दौतीचं काय झालं पुढे?

काकू : मला कुठे जमतंय? ती तर सासूचा आवाजसुद्धा काढायची.

मुलगी : तुम्हीही काढा. मला ऐकायचंय. इतक्या वर्षांत आईला एकदाही म्हणाले नाही बघा. मला ऐकायचंय.