दिगूअण्णांचं मरण

मंडळी, जरा सरसावून बसा! आज एकच प्रश्न — तोंडाशी आलेला घास दुसऱ्यासाठी सोडता येतो का हो? ... इतक्यात माना डोलावू नका! परवाच्या पंगतीत जिलबी कुणी सोडली, ते पाहिलंय मी!

तर ऐका! कोल्हापुरात एक सिनेनट होते, दिगंबर आवळे. दिगूअण्णा! हिरो? छे हो! हिरोईनचा बाप! आणि बाप कशासाठी? मरायला! दोनदा खोकले, की गेले! त्यात त्या धंद्याची एक रीत — मेल्याचं काम केलं, की लगेच उठून कॅमेऱ्याकडं बघून हसायचं. अपशकुन नको! अण्णा जन्मभर मेले आणि जन्मभर हसले.

पण मनात एक हौस होती. मरण्याआधी बोलायला मिळावं! आणि एकदा मिळालं की! पानभर भाषण! मग काय, घरात तालीम. दूध उतू चाललंय, आणि अण्णा पातेल्यापुढं प्राण सोडतायत! बायको गोदाक्का म्हणाली, "अहो, मरा खुशाल, पण आधी स्टोव्ह बंद करा!"

शूटिंगचा दिवस उजाडला. लेकीच्या कामाला शालन, नवी पोर. बापाच्या भाषणावर तिनं रडायचं. अण्णा काय बोलले! पण हिला रडूच येईना. पुन्हा घेतलं, पुन्हा तेच. दिग्दर्शक कडाडला, "आता शेवटचं! नाही जमलं तर उद्या दुसरी मुलगी आणतो!"

कॅमेरा सुरू झाला. अण्णांनी तिचा हात धरला — गार! ओठ सुकलेले. पोरीनं भीतीपोटी सकाळपासून काही खाल्लं नव्हतं. अण्णांच्या जिभेवर भाषण आलेलं... आणि मंडळी, त्यांनी ते गिळलं! तिच्या गालावर हात ठेवून एवढंच म्हणाले, "जेवलीस का गं, बाळ?" — आणि मान टाकली!

पोरीनं हंबरडा फोडला! दिग्दर्शक ओरडला, "ओके! हेच ठेवायचं!"

हेच! म्हणजे भाषण गेलं! कॅमेरामन म्हणाला, "अण्णा, हसा की!" अण्णा उठले, पण डोळे भरलेले. वाईट वाटलं हो, वाटणारच! तेवढ्यात शालननं त्यांची बाही धरली. "काका, माझं काम वाचलं हो!" तिच्याकडं बघितलं, आणि अण्णांना खरंच हसू फुटलं.

सिनेमा लागला. गोदाक्का भाषणाची वाट बघत थेटरात बसलेली. नवरा चार शब्द बोलला आणि मेला!

"अहो, तुमचं भाषण?"

"गेलं."

गोदाक्कानं पदर डोळ्याला लावला. म्हणाली, "जाऊ द्या. ते रोज ऐकलं मी, एकदा रडू आलं नाही."

आता तुमची पाळी! घरी जाल. सुनेसाठी, पोरासाठी पानभर भाषण तयार आहे ना? कीर्तन ऐकता ऐकता निम्मं पाठही झालं असेल! ते गिळा. देवाला आवडणारे अण्णांचे ते चार शब्द विचारा — आणि मंडळी, उत्तर येईपर्यंत गप्प बसा!