सोमवारची बैठक कुणापुढे?

आजच्या समारंभाचे अध्यक्ष आणि आपल्या यंत्रविक्रेता मंडळाचे प्रमुख सेन्योर एर्मेस साराते, ट्रॅक्टर कंपनीतर्फे व्यासपीठावर बसलेले सेन्योर फ्लेइतास, आजच्या सत्कारमूर्ती दोन्या सेल्सा, आणि एन्कार्नासियोनच्या ह्या उकाड्यात कोट घालून आलेल्या माझ्या डीलर बंधुभगिनींनो,

अध्यक्षांनी मला सांगितलं, "विर्खिलियो, चार गोड शब्द बोल." माझ्याकडे आज ते नाहीत. मला राग आलाय.

कंपनीशी आपलं बिनसलं की करारातलं कोणतं कलम पुढे येतं? लवाद. तोही परदेशात, त्यांच्या शहरात, त्यांच्या भाषेत. आपण ऐन पेरणीत दुकानाला कुलूप घालून तिकडे हेलपाटे घालायचे. निकाल आपल्या बाजूने लागला तरी तोवर डीलर उरतो का? त्याआधी एकच पायरी असते, मध्यस्थीची. आपल्याकडे ती पायरी म्हणजे ह्या बाई, मंडळाच्या मध्यस्थ दोन्या सेल्सा.

माझी एजन्सी काढून घ्यायला हेच सेन्योर फ्लेइतास आले होते. हसू नका सेन्योर, तुमचंच सांगतोय. बाईंनी बैठक मंडळाच्या गार कचेरीत ठेवली नाही, माझ्या वर्कशॉपमध्ये ठेवली. मी पाल्यावर बर्फाचं पाणी ओतून तेरेरेचा पेला ह्यांच्यापुढे धरला. आपण सगळे एकाच पेल्यातून, एकाच नळीने पिणारी माणसं. हे म्हणाले, "नको, मी बाटली आणलीय."

बाईंनी फाइल मिटली. "ह्याच्या हातचं पाणी चालत नाही, आणि समझोता करायला आलात? तहान लागली की मला हाक मारा." खुर्ची उचलून आंब्याखाली जाऊन बसल्या! मी मनात म्हटलं, झालं, ही बाई मला बुडवणार.

आम्ही दोघे आत, घामाघूम, एकमेकांकडे न बघता. गिऱ्हाईकं येतच होती. एकाने फुटका पंप टेबलावर आपटला. "हा कंपनीचा माणूस का? मग विर्खिलियोला कशाला शिव्या देऊ, ह्यालाच देतो!" आणि दिल्याही, मनसोक्त. ह्यांची बाटली केव्हाच संपली होती. शेवटी हात पुढे करून म्हणाले, "आणा इकडे तो पेला." मग बाईंना हाक मारली, आणि बोलणं सुरू झालं. माझ्या विक्रीचा एक जिल्हा गेला, बाकीचे राहिले. मला लढायचं होतं, म्हणून कित्येक दिवस मी बाईंवर धुमसत होतो. पण माझं दुकान आजही उघडं आहे.

आता तिसऱ्या रांगेत बघा. ती निमिया इन्साउर्राल्दे. नवऱ्यामागे एकटीने एजन्सी वाढवली, आणि वाढली म्हणूनच कंपनीला ती आता बड्या डीलरच्या घशात घालायचीय. तिची मध्यस्थी सोमवारी आहे. आणि मध्यस्थांच्या वयोमर्यादेचा नियम मंडळाला नेमका गेल्याच महिन्यात सुचतो? बाईंना मानपत्र देऊन घरी बसवायचं, आणि राजधानीतला एक वकील संगणकाच्या पडद्यावरून मध्यस्थी करणार! कालपरवापर्यंत तो कुणाचा पगार खात होता? ह्याच कंपनीचा! अध्यक्ष महाराज, असल्या कागदावर तुम्ही सही केलीच कशी? घंटी वाजवून उपयोग नाही, माझा आवाज तिच्यापेक्षा मोठा आहे.

नियम मीही वाचलेत. दोन्ही पक्ष राजी असतील तर मध्यस्थ मंडळाबाहेरचाही चालतो. निमिया, तुला कोण हवंय? मोठ्याने बोल. ऐकलंत? "दोन्या सेल्सा."

आता सेन्योर फ्लेइतास, तुम्ही. बाईंनी आपल्या दोघांचा समझोता केला, तो टिकला की नाही? त्यानंतर मी तुम्हाला कधी कोर्टाची पायरी चढायला लावली? नाही ना? मग नुसती मान काय डोलावता, हा घ्या माइक, सगळ्यांसमोर सांगा.

"बाईच असू देत." शाब्बास! सेक्रेटरीसाहेब, इतिवृत्तात लिहून घ्या.

काय म्हणता, दोन्या सेल्सा? "सोमवारी सकाळी, निमियाच्या दुकानात. आणि विर्खिलियो, तू तिकडे फिरकायचं नाहीस." बरं बाई, नाही फिरकत.

मंडळाने मला बोलू दिलं, त्याबद्दल आभार. बोलण्याच्या भरात कुणाचं मन दुखावलं असेल तर पोटात घाला. मात्र अध्यक्ष महाराज, तुमच्याबद्दल जे बोललो, ते चुकून बोललेलो नाही.