इसाक म्हणजे ‘तो हसेल’

माननीय अध्यक्ष सॉलोमनदादा, व्यासपीठावरचे पाहुणे आणि इसाकचे ऑफिसातले स्नेही बद्रीनाथ, प्रसादाच्या मालिद्याची ताटं सांभाळणाऱ्या भगिनी आणि अजून घड्याळाकडे न पाहणारे सुज्ञ श्रोते, सर्वांना नमस्कार. मी दीना, सत्कारमूर्ती इसाकची थोरली बहीण.

बद्रीनाथांनी आत्ता विचारलं, इसाक या नावाचा अर्थ काय? सांगते. मूळ हिब्रू नाव यित्झाक, म्हणजे ‘तो हसेल’. आम्हा ज्यूंच्या ग्रंथात नव्वदीतल्या साराच्या कानावर आलं की तुला मुलगा होणार, तेव्हा ती हसली. मुलाचं नाव तेच पडलं. आमची आई त्रेचाळिसाव्या वर्षी गरोदर राहिली, तेव्हा ती नाही हसली, रास्ता पेठेतल्या शेजारणी हसल्या. तिनं हट्टानं हेच नाव ठेवलं.

पुढे साराच्या त्या इसाकला बापानं देवाच्या सांगण्यावरून बळी द्यायला डोंगरावर नेलं. साराला कुणी विचारलं का? ग्रंथात तरी तसं लिहिलेलं नाही. बायकांना विचारायची पद्धत तेव्हाही नव्हती.

असो. आपला इसाक मुलाकडे इस्राएलला चाललाय, आनंद आहे. तो गेला की या प्रार्थनालयात नऊ पुरुष उरतात. बद्रीनाथ, तुमच्यासाठी सांगते, दहा पुरुष जमल्याशिवाय आमच्यात मृतांसाठीची प्रार्थना, कद्दिश, म्हणत नाहीत. आईनं शेवटच्या आजारात त्याच्याकडून वचन घेतलं होतं, दरवर्षी इथं म्हणशील म्हणून. परवा मी आठवण करून दिली. तर म्हणाला, “अगं ताई, तिकडे म्हणेन की! तिकडे दहा माणसं सहज मिळतात.” मिळतील रे. पण आई इथल्या मातीत आहे.

मग मी सॉलोमनदादांना म्हटलं, दहावी मला धरा. “दीनाबाई, आपल्यात तसं नसतं,” म्हणाले, आणि चहा मागवला. इसाकला हिब्रू वाचता येत नाही, त्याला कद्दिश देवनागरीत लिहून कोण देतं, हे त्यांना पक्कं माहीत आहे. मला राग आला. अजून आहे.

इसाक, सुखात राहा. गुडघे सांभाळ. अध्यक्षांनी मला बोलू दिलं, आभारी आहे, त्यांना आता पश्चात्ताप होत असेल. काही अधिकउणं बोलले असेन तर पोटात घाला.

पुढच्या महिन्यात आईचा स्मृतिदिन आहे. त्या संध्याकाळी मी इथंच उभी राहून मोठ्यानं कद्दिश म्हणणार आहे. ज्यांना अडवायचं असेल, त्यांनी कृपया वेळेवर यावं.